नवऱ्याची सही नाही. लेकीचा पासपोर्ट कसा काढू?

ताई, नमस्कार.

मी नाशिकला माहेरी राहते. मुलगी नऊ वर्षांची आहे, चौथीत. दीड वर्षापासून आम्ही नवरा-बायको वेगळे आहोत. घटस्फोटाचा आणि मुलीच्या ताब्याचा दावा कौटुंबिक न्यायालयात चालू आहे. अंतरिम हुकमाप्रमाणे मुलगी माझ्याकडे असते आणि महिन्यातले दोन शनिवार-रविवार तिच्या बाबांकडे जाते.

माझी मोठी बहीण जर्मनीत असते. तिनं आम्हा दोघींना मे महिन्यात तीन आठवड्यांसाठी बोलावलंय, तिकिटांचा खर्चही तीच करणार आहे. पण मुलीचा पासपोर्टच नाही. सहीसाठी विचारलं तर मुलीचे बाबा म्हणाले, "एकदा गेलीस की तू परत येणार नाहीस. माझी सही मिळणार नाही." एक एजंट म्हणतो, अ‍ॅनेक्शर-सी भरा आणि त्यात 'वडिलांचा ठावठिकाणा माहीत नाही' यावर खूण करा, प्रश्नच मिटला. वकील म्हणतात कोर्टात अर्ज टाकू, पण तारखांचा काही भरवसा नाही. शेवटी मी मुलीलाच सांगितलं, तूच विचार बाबांना. ती रडत परत आली. बहीण म्हणते, तू ये तर खरी, इथेच तुझ्या कामाचं काहीतरी बघू. मला काहीच सुचत नाहीये. काय करू?

– एक आई, नाशिक

नमस्कार.

आधी थेट उत्तर देते. मुलीचा पासपोर्ट वडिलांच्या सहीशिवाय निघू शकतो आणि त्यासाठी एक अक्षरही खोटं लिहावं लागत नाही. पण पासपोर्ट हातात पडला म्हणजे मे महिन्यात जर्मनीला जाता येईल, असं मात्र नाही. पासपोर्ट आणि प्रवास या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. एजंटच्या टेबलावर, तुमच्या घरात आणि बहुधा मुलीच्या बाबांच्या डोक्यातही त्या एकच होऊन बसल्या आहेत. म्हणून मी त्या सुट्या करून सांगते.

एजंटनं सांगितलेली खूण करू नका. कितीही घाई असली तरी करू नका. मुलीचे बाबा महिन्यातून दोनदा तिला न्यायला येतात. त्यांचा पत्ता दाव्याच्या पहिल्या पानावर आहे, तोही तुमच्याच वकिलांनी टाइप केलेला. असं असताना ठावठिकाणा माहीत नाही असं लिहून खाली सही करायची, म्हणजे समोरच्या वकिलाच्या हातात आयता कागद द्यायचा. पासपोर्ट कायदा १९६७ चा आहे. त्याच्या कलम १२ प्रमाणे खोटी माहिती देऊन किंवा माहिती दडवून पासपोर्ट मिळवणं हा गुन्हा आहे. दोन वर्षांपर्यंत कैद, पाच हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही. कलम १०(३) प्रमाणे असा पासपोर्ट जप्त किंवा रद्दही होतो. मला मात्र तुरुंगापेक्षा दुसऱ्याच गोष्टीची काळजी वाटते. ताब्याच्या दाव्यात न्यायाधीश शेवटी हेच बघत असतात की या दोघांपैकी कोणाच्या शब्दावर विसंबून मूल सोपवावं. तुमचा शब्द आज खरा आहे. तो एका एजंटच्या सोयीसाठी खर्ची घालू नका.

आता तो फॉर्म नीट बघा. अल्पवयीन मुलाच्या पासपोर्टसाठी दोन नमुने आहेत. आई-वडील दोघंही राजी असतील तर अ‍ॅनेक्शर-डी भरायचं. एकाची संमती मिळत नसेल तर अर्ज करणाऱ्या पालकानं अ‍ॅनेक्शर-सी भरायचं. म्हणजे दुसऱ्या पालकाची सही नसेल तर काय, याचा विचार सरकारनं आधीच केलेला आहे. अ‍ॅनेक्शर-सीमध्ये सही का नाही याची कारणं छापलेली असतात आणि लागू असेल ते निवडायचं असतं. बेपत्ता वडिलांचा पर्याय हा त्यातला फक्त एक. वेगळं राहणं आणि मूल आपल्या सांभाळात असणं, घटस्फोटाचा किंवा ताब्याचा दावा चालू असणं आणि दुसऱ्या पालकाच्या संमतीशिवाय पासपोर्ट देऊ नये असा कोर्टाचा हुकूम नसणं, अशा परिस्थितीही त्यात आहेत. तुमची खरी परिस्थिती त्या कागदावर आधीच छापलेली असताना एजंटनं तुम्हाला खोटी खूण का सुचवली, ते त्यालाच ठाऊक. दावा चालू आहे हे लिहा, दाव्याचा क्रमांक लिहा, अंतरिम हुकमाची प्रत जोडा, वडिलांना भेटीचा हक्क आहे हेही लिहा.

हे सगळं साध्या कागदावर चालतं. डिसेंबर २०१६ मध्ये परराष्ट्र मंत्रालयानं पासपोर्टचे नियम सोपे केले, तेव्हापासून ही अ‍ॅनेक्शर्स स्वयंघोषणा म्हणून घेतली जातात. नोटरी, स्टँपपेपर, कार्यकारी दंडाधिकाऱ्यांपुढचं प्रतिज्ञापत्र यांतलं काही लागत नाही. त्यासाठी कोणी पैसे मागत असेल तर देऊ नका. अर्ज पासपोर्ट सेवेच्या संकेतस्थळावर स्वतःच भरता येतो. त्याच बदलानंतर अर्जात आई किंवा वडील यांच्यापैकी एकाचंच नाव दिलं तरी चालतं. एकट्या आयांसाठी तो फार मोलाचा बदल होता. पण तुमच्या बाबतीत मी सांगेन की वडिलांचं नाव गाळू नका. जन्मदाखल्यावर ते आहे, कोर्टाच्या प्रत्येक कागदावर आहे. ते गाळलंत तर उद्या कोणीतरी त्याला लपवाछपवी म्हणेल, आणि तुम्हाला तर लपवण्यासारखं काहीच नाही.

पण अर्ज भरायच्या आधी एक काम करा. अंतरिम हुकमाची नक्कल काढा आणि शेवटच्या परिच्छेदापर्यंत शांतपणे वाचा. अशा हुकमांत पुष्कळदा एक ओळ असते की न्यायालयाच्या परवानगीशिवाय मुलाला कार्यक्षेत्राबाहेर किंवा देशाबाहेर नेऊ नये. मुलगी आईकडे राहणार म्हटल्याच्या आनंदात ती ओळ कोणी वाचत नाही. ती असेल तर घोषणेत ती दडवता येणार नाही, आणि कोर्टात गेल्याशिवाय गत्यंतर नाही. ती नसेल तर पासपोर्टपुरता तुमचा रस्ता बराच मोकळा आहे.

तरीही सेवा केंद्रात तुम्हाला सांगतील की वडिलांची सही आणा. फाइल अडकेलही. अशा वेळी तोंडी वाद घालू नका, लेखी मागा. पासपोर्ट नाकारण्याची कारणं कायद्याच्या कलम ६ मध्ये मोजून दिलेली आहेत आणि याखेरीज दुसऱ्या कारणावरून नाकारू नये असं तिथेच म्हटलं आहे. न्यायालयानं देश सोडायला मनाई केली असेल तर ते कारण त्यात आहे; नवरा-बायकोचं पटत नाही हे नाही. कलम ५ प्रमाणे नकार दिला तर त्याची कारणं लिहून ठेवायची आणि मागितल्यावर त्याची प्रत द्यायची ही अधिकाऱ्याची जबाबदारी आहे. कलम ११ खाली अपील आहे. आणि तिथेही दाद लागली नाही तर उच्च न्यायालय आहे.

उच्च न्यायालयाचं नाव नुसतं धीर देण्यासाठी घेत नाहीये. जानेवारी २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात न्या. गिरीश कुलकर्णी आणि न्या. अद्वैत सेठना यांच्यापुढे असंच प्रकरण आलं होतं. सतरा वर्षांची हुशार मुलगी, जपानच्या अभ्यासदौऱ्यासाठी निवड झालेली. आई-वडिलांचा घटस्फोटाचा दावा चालू. वडिलांनी संमती नाकारली, आईनं अ‍ॅनेक्शर-सी दिलं, तरी पासपोर्ट कार्यालयानं अर्ज पुढे सरकवला नाही. न्यायालयानं सांगितलं की परदेश प्रवासाचा हक्क हा घटनेच्या अनुच्छेद २१ मधल्या जीवन आणि व्यक्तिस्वातंत्र्याच्या हक्काचा भाग आहे, नुसत्या वडिलांच्या नकारावरून मुलीला पासपोर्ट नाकारता येत नाही, आणि पासपोर्ट द्यायचा आदेश दिला. परदेश प्रवासाचा हक्क सर्वोच्च न्यायालयानं अनुच्छेद २१ शी जोडला तो १९६७ च्या सतवंत सिंग सॉहनी प्रकरणात, आणि १९७८ च्या मनेका गांधी प्रकरणात तो आणखी पक्का झाला. तेव्हापासूनची ही सरळ रेघ आहे. तुमच्या वकिलांना हा निकाल माहीत असेल; नसेल तर त्यांच्यापुढे ठेवा.

इथपर्यंत पासपोर्ट झाला. आता ज्याचा विचार एजंटनं केलेलाच नाही तो भाग. तुम्हाला जायचंय जर्मनीला, म्हणजे शेंगेन व्हिसा, युरोपातल्या बऱ्याच देशांचा मिळून असलेला सामायिक व्हिसा, लागणार. तिथे अल्पवयीन मुलाच्या अर्जाला पालकत्वाचा अधिकार असलेल्यांची संमती मागतात. आई-वडील दोघंही हयात असतील आणि मूल एकाबरोबरच प्रवास करणार असेल, तर दुसऱ्याचं संमतिपत्र द्या किंवा न्यायालयाचा हुकूम दाखवा, असा त्यांचा आग्रह असतो. अ‍ॅनेक्शर-सी हे भारत सरकारपुढचं निवेदन आहे, जर्मन वकिलातीपुढे त्याचा काही उपयोग नाही. म्हणजे ज्या सहीला वळसा घालून पासपोर्ट मिळवाल, तीच सही व्हिसाच्या खिडकीवर परत पुढे उभी राहील. तोवर बहिणीनं तिकिटं काढलेली असतील. म्हणून माझं मत असं, की तुम्हाला कोर्टात जावंच लागणार आहे, तर एकदाच जा आणि दोन्हीसाठी एकच हुकूम मागा.

आता जरा अवघड विषय. तुमच्या पत्रातलं बहिणीचं वाक्य मी पुन्हा पुन्हा वाचलं: 'तू ये तर खरी, इथेच तुझ्या कामाचं काहीतरी बघू.' तुमच्या मनात तसं काही पक्कं नसेल, आणि बहीण मायेनं बोलली असेल. पण मुलीच्या बाबांना नेमकी याचीच भीती आहे आणि ती उगाच नाही. मी त्यांची बाजू घेत नाहीये, फक्त ती समजून घ्या, कारण न्यायाधीश ती समजून घेणार आहेत.

मूल एका पालकानं दुसऱ्या देशात नेलं आणि परत आणलंच नाही, तर ते लवकर परत यावं यासाठी १९८० चा हेगचा करार आहे. शंभराहून जास्त देश त्यात आहेत, जर्मनीही आहे. भारत नाही. आपल्या विधी आयोगानं २००९ च्या २१८ व्या अहवालात त्यात सामील व्हायची शिफारस केली, २०१६ च्या २६३ व्या अहवालात पुन्हा त्यावर लिहिलं. तरी आपण बाहेरच आहोत. बाहेर राहण्याची कारणंही फालतू नाहीत. छळ सोसून मुलांसकट माहेरी परतलेल्या बायकांना त्या करारानं परत धाडलं जाईल ही काळजी खरीच आहे. पण त्याची दुसरी बाजू अशी की उद्या मुलगी जर्मनीत राहिली तर तिच्या नाशिकच्या बाबांना या कराराचा आधार मिळणार नाही. त्यांना परक्या देशात, परक्या भाषेत वकील लावून भांडावं लागेल. पगारदार माणसाला ते जवळपास अशक्य आहे.

न्यायालयंही पोळलेली आहेत. २०२० साली सर्वोच्च न्यायालयानं एका प्रकरणात मुलाचा ताबा केनियात राहणाऱ्या वडिलांना दिला. आईला भेटी मिळत राहाव्यात म्हणून तिथल्या न्यायालयाकडूनही तसाच हुकूम आणायला लावला होता. वडिलांनी अटी मोडल्या, मुलाला आईपासून तोडलं. सर्वोच्च न्यायालयानं पुढच्याच वर्षी आपला हुकूम मागे घेतला आणि २०२२ मध्ये वडिलांना अवमानाबद्दल दोषी धरलं. पण मूल काही त्यामुळे आईच्या घरी पोचलं नाही. त्यामुळे देशाबाहेर जायची परवानगी मागणाऱ्या पालकाकडे, मग तो आई असो की वडील, न्यायाधीश बारकाईनं बघतात. याचा राग मानू नका.

म्हणून बसून आधी स्वतःशी ठरवा. तीन आठवड्यांची सुट्टीच हवी आहे, की तिकडे राहायला जायचा विचार आहे? सुट्टीच हवी असेल तर बहिणीला स्पष्ट सांगा की नोकरीचा विषय आता फोनवर, मेसेजवर, नातेवाइकांच्या ग्रुपवर कुठेही काढायचा नाही, कारण तो तुमचा विचार नाही. आणि खरोखर तिकडे स्थायिक व्हायचं असेल, तर तोही काही गुन्हा नाही. बाईनं नव्यानं उभं राहायला हवंच. पण त्याचा अर्ज वेगळा, उघडपणे, मुलीच्या शाळेचं, राहण्याचं, बाबांच्या भेटींचं काय हे सगळं मांडून करायचा. सुट्टीच्या नावाखाली जायचं आणि तिथून कळवायचं, या वाटेला मी तुम्हाला कधीच जा म्हणणार नाही. त्यात सगळ्यात जास्त नुकसान त्या नऊ वर्षांच्या मुलीचं होतं.

सुट्टीच हवी आहे असं धरून पुढचं सांगते. कोर्टात जायच्या आधी बाबांना एकदा लेखी विचारा. फोनवर नाही. मेल किंवा व्हॉट्सअ‍ॅप, शांत भाषेत, जुनं काही न उकरता. साधारण असं: "मुलीला मे महिन्याच्या सुट्टीत तीन आठवडे मावशीकडे न्यायचा विचार आहे. जाण्या-येण्याच्या तारखा, मावशीचा पत्ता आणि फोन खाली दिला आहे. परतीचं तिकीट आधी काढून त्याची प्रत पाठवीन. रोज ठरलेल्या वेळी तिचं तुमच्याशी व्हिडिओ कॉलवर बोलणं होईल. या काळात बुडणाऱ्या भेटी जूनमध्ये भरून देईन. परत आल्यावर तिचा पासपोर्ट कोर्टात जमा ठेवायला माझी हरकत नाही. पासपोर्टच्या आणि व्हिसाच्या संमतीसाठी पुढच्या रविवारपर्यंत कळवावं." कधीकधी एवढ्यावर गाडी रुळावर येते, कारण नकारामागे भीती असते आणि तिला पहिल्यांदाच कोणीतरी उत्तर दिलेलं असतं. ते राजी झाले तर दोघांच्या सहीची संमतीची पुरसिस, म्हणजे तसं लेखी निवेदन, कोर्टात दाखल करा, म्हणजे नंतर कोणी फिरणार नाही. आणि नाहीच म्हणाले, तरी हा मेसेज तुमच्या अर्जाला जोडायचा पहिला कागद.

मग त्याच चालू दाव्यात अंतरिम अर्ज. नवा दावा नको. हिंदू विवाह कायद्याच्या कलम २६ खाली दावा चालू असताना मुलांच्या ताब्याबद्दल आणि संगोपनाबद्दल कोर्ट वेळोवेळी हुकूम देऊ शकतं. अर्जात फक्त 'पासपोर्ट काढायची परवानगी द्या' एवढंच मागू नका. वडिलांच्या सहीशिवाय पासपोर्ट काढायची मुभा, व्हिसासाठी वडिलांच्या संमतीच्या जागी हा हुकूम ग्राह्य धरावा, आणि अमुक तारखेपासून अमुक तारखेपर्यंत मुलीला जर्मनीला नेऊन परत आणायची परवानगी, या तिन्ही मागण्या स्पष्ट शब्दांत घाला. व्हिसाच्या खिडकीवरचा माणूस आपल्या कोर्टाची गोलमोल भाषा उलगडत बसणार नाही. त्याला मुलीचं नाव, आईचं नाव, देश आणि तारखा एका परिच्छेदात दिसल्या पाहिजेत.

आणि अटी कोर्टानं घालायची वाट बघू नका, तुम्हीच सुचवा. परतीच्या तारखेचं हमीपत्र. तिथे मुदतवाढ किंवा रहिवासाचा अर्ज करणार नाही याची हमी. परतल्यावर ठरलेल्या दिवसांत पासपोर्ट कोर्टात जमा. जमलं तर काही रक्कम अनामत. तुमच्या वडिलांचं किंवा भावाचं जामीनदार म्हणून पत्र. तुमची नाशिकची नोकरी, मुलीचा जूनमधला शाळाप्रवेश, भरलेली फी, हे सगळं जोडा. हे परत येण्याचे पुरावे आहेत. बाबांचा 'से', म्हणजे अर्जावरचं लेखी म्हणणं, आला की त्यात मुख्य आक्षेप 'परत येणार नाही' हाच असणार, आणि त्याचं उत्तर तुमच्या अर्जात आधीच लिहिलेलं असेल.

वेळेचं गणित आत्ताच मांडा. मे महिन्यात जिल्ह्याच्या कोर्टांना उन्हाळी सुट्टी असते, तेव्हा मेमधल्या तारखेच्या भरवशावर राहू नका. शेंगेन व्हिसाचा अर्ज प्रवासाच्या सहा महिने आधीपासून करता येतो आणि निदान पंधरा दिवस आधी करावाच लागतो. सुट्टीच्या दिवसांत तर अपॉइंटमेंटच मिळत नाही. त्याच्या आधी पासपोर्ट, त्याच्यात पोलीस पडताळणी लागली तर तिचे दिवस. तेव्हा अर्ज या महिन्यातच पडला पाहिजे. प्रवासाच्या तारखा असल्यामुळे सुनावणी लवकर घ्यावी, अशी विनंती वकिलांना अर्जातच लिहायला सांगा. आणि या मेला जमलं नाही तर दिवाळीच्या सुट्टीला जा. हुकूम मिळाला की तारखा बदलून घेता येतात.

मुलीबद्दल बोलायचं मी मुद्दाम मागे ठेवलं होतं, कारण ते ओझरतं लिहायचं नव्हतं. तिला पुन्हा बाबांकडे सहीसाठी पाठवू नका. तुमची अगतिकता कळते. पण नऊ वर्षांच्या पोरीला त्या दिवशी असं वाटलं असणार की मावशीकडे जायला मिळणं न मिळणं आपण बाबांशी कसं बोललो यावर आहे, आणि आपल्याला ते जमलं नाही. ती रडली ती जर्मनीसाठी नसेल. आज-उद्या तिला जवळ घेऊन एवढंच सांगा: "हे मोठ्यांचं काम आहे, ते मी आणि बाबा आणि कोर्टातल्या बाई बघू. तुझं काही चुकलं नाही." बाबा वाईट आहेत म्हणून सही देत नाहीत, असं तिच्या कानावर तुमच्याकडून किंवा आजी-आजोबांकडून जाऊ देऊ नका. आणि तिकिटं हातात येईपर्यंत 'आपण विमानात बसणार' हे घरात रोज बोलणं थांबवा. कौटुंबिक न्यायालयात समुपदेशक असतात. न्यायाधीशांनी मुलीशी बोलायचं ठरवलं तर बहुधा त्यांच्यामार्फत बोलतील. त्यासाठी तिला काही पढवून ठेवू नका. पढवलेलं मूल त्यांना पहिल्या दोन वाक्यांत कळतं.

हे उत्तर वाचणाऱ्या वडिलांसाठीही दोन शब्द, कारण अशी पत्रं त्यांचीही येतात. नुसती सही अडवून मुलाचा परदेश प्रवास थांबेल या समजुतीत राहू नका. वर सांगितल्याप्रमाणे पासपोर्ट तुमच्या सहीशिवाय निघू शकतो. अमेरिकेत सोळा वर्षांखालच्या मुलाच्या पासपोर्टला दोन्ही पालकांची संमती लागते, शिवाय मुलाच्या नावानं अर्ज आला तर पालकाला कळवायची सरकारी सोय आहे. आपल्याकडे हुकमाशिवाय नुसत्या हरकतीच्या पत्राला फार वजन नाही. खरी भीती असेल तर कोर्टात जा, ती पुराव्यासकट मांडा आणि मनाईचा हुकूम घ्या, किंवा अटी मागा. त्याची प्रत पासपोर्ट कार्यालयाला द्या. आणि भीती नसेल, नुसता राग असेल, तर सही द्या. तुमच्या मुलीची ती सुट्टी आहे.

पासपोर्ट मिळाल्यानंतरचं थोडं. या वयातला पासपोर्ट पाच वर्षांचा असतो, म्हणजे ती चौदाची झाली की हाच प्रश्न पुन्हा येणार. अंतिम निकालात किंवा तडजोडीच्या अटींत 'पासपोर्टचं नूतनीकरण कोण करणार आणि तो कोणाकडे राहणार' हे आत्तापासून घालून घ्या. पुष्कळ जोडप्यांच्या तडजोडीत दागिन्यांची यादी तोळ्या-ग्रॅमसकट असते आणि मुलाच्या पासपोर्टचा उल्लेखही नसतो. पासपोर्ट समोरच्याकडे असला आणि तो देत नसला, तर हरवल्याची तक्रार देऊन दुसरा काढायचा सल्लाही कोणीतरी देईल. तो पोलिसांत खोटी तक्रार द्यायचा सल्ला आहे. तसं झालं तर कोर्टाकडून तो परत मागा.

आणि शेवटी, हुकूम झाला की सही-शिक्क्याच्या नकला एक नाही, चार घ्या. एक पासपोर्टच्या अर्जाला, एक व्हिसाच्या अर्जाला, एक बाबांना, आणि एक प्रवासात तुमच्या हातातल्या पर्समध्ये, सामानाच्या बॅगेत नाही. मूल एकाच पालकाबरोबर असेल तर विमान कंपनी किंवा तिकडचा इमिग्रेशन अधिकारी विचारू शकतो. हुकूम मराठीत असेल तर त्याचं इंग्रजी भाषांतर आधीच करून घ्या, त्याला वेळ लागतो.